शत्रूच्या फौजेतली बढती

एवाल्ड स्कुया लेफ्टनंट म्हणून लागला आणि बढत्या घेत घेत जनरल झाला. फौज जर्मनांची होती आणि तीही फक्त पडद्यावरची. रिगाच्या स्टुडिओत तो कामाला आला तेव्हाच त्याची उंची, घारे डोळे आणि रशियन बोलताना डोकावणारा लाटवियन हेल पाहून बाहेरून आलेल्या दिग्दर्शकांनी ठरवून टाकलं, की हा माणूस जन्मला तोच जर्मन गणवेशात. पोट सुटत गेलं तसा शिंपी तो गणवेश उसवून मोठा करत गेला आणि खांद्यावरची निशाणंही वाढत गेली. शत्रूने त्याची कदर वेळच्या वेळी केली. स्वतःच्या देशात मात्र ‘मान्यवर कलावंत’ ही पदवी काही मिळेना. सिनेमा कमिटीचं म्हणणं, इतकी गावं जाळलेल्या माणसाचा सत्कार करायचा तरी कुठल्या तोंडाने?

लोकांचंही तेच. दुकानात केफिरच्या, म्हणजे आंबवलेल्या दुधाच्या, रांगेत बायका त्याच्यापासून हातभर लांब उभ्या राहत. एकीने तर तोंडावर विचारलं, “काय हो, त्या मास्तरणीला फासावर देताना हात नाही थरथरला?”

“बाई, ते काम करणारी नटी माझ्याच जिन्यावर राहते,” एवाल्ड म्हणाला. “काल तिनेच मला काकडीच्या लोणच्याची बरणी दिली.”

“बघा! आता विष घालून परत करेल,” बाई मागचीला म्हणाली.

याची त्याला सवय झाली होती. बोच होती ती वेगळी. त्याची म्हातारी आई, मिल्दा, गावात एकटी राहायची. गावच्या क्लबात पोराचा सिनेमा लागला की ती पहिल्या रांगेत बसायची आणि मागून शेजारणींचे टोमणे चालू व्हायचे. तिला त्याचं काहीच नव्हतं. दर सिनेमात पोराला गोळी लागायची आणि रविवारी तोच पोरगा समोर बसून खारवलेल्या डुकराच्या मांसातले करडे वाटाणे हाणायचा.

“या वेळी मरायला फार वेळ लावलास रे,” ती वाढता वाढता म्हणायची. “मागल्या खेपेला कसा पटकन मेला होतास.”

“अगं, दिग्दर्शकाने सांगितलं तसं.”

“त्याला काय जातंय सांगायला? चिखलात तू पडलास.”

ती हसायची, पण तिला ऐकावे लागणारे टोमणे एवाल्डला बोचत. आईने एकदा तरी त्या क्लबातून ताठ मानेने बाहेर पडावं, आणि त्यासाठी आपण पडद्यावर एकदा तरी भला माणूस व्हावं, एवढीच त्याची आस होती.

पन्नाशीला ती फळाला आली. लेनिनग्राडचा दिग्दर्शक ग्लेब आवेर्यानोविच धाडसी होता की प्यायलेला होता कोण जाणे, पण त्याने एवाल्डला सामुदायिक शेतीच्या अध्यक्षाचं काम दिलं. अध्यक्ष कालवा खणतो, पोरांना सफरचंदं वाटतो आणि शेवटी लग्नात नाचतो. एवाल्डने गावच्या पोस्टात फोन लावून आईला बोलावून घेतलं.

“आई, या वेळी मी मरत नाही. नाचतो!”

“गुडघा सांभाळ,” आई म्हणाली, आणि संध्याकाळपर्यंत तिने गावभर सांगितलं.

रिवाजाप्रमाणे सिनेमा आधी कापडगिरणीत दाखवला आणि कामगारांचं मत विचारलं. एक विणकरीण उठली. “कॉम्रेड, आम्ही याला बघताक्षणी ओळखलं. त्याने लेकराच्या हातात सफरचंद दिलं तेव्हा मी ओरडलेच, खाऊ नको रे बाळा!”

“अहो, पण तो सज्जन आहे,” ग्लेब काकुळतीला आला.

“हेर असेच दिसतात! आणि शेवटपर्यंत पकडला कसा नाही? आपली माणसं काय झोपली होती?”

हा प्रश्न थेट कमिटीपर्यंत गेला. आपली माणसं झोपली होती असं म्हणायची तिथे कुणाची छाती होणार? लग्न उडालं, नाच उडाला. अध्यक्ष हेर निघाला आणि गुप्त पोलिसांतले ओव्हरकोटवाले दोघं त्याला घेऊन जातात असा नवा शेवट ठरला.

“मनाला लावून घेऊ नका, एवाल्ड यानोविच,” ग्लेब म्हणाला. “गोळी तरी घालत नाहीयेत.”

कॅमेरा चालू झाला. एवाल्डने टोपी घातली, दोघांच्या मधून फाटकापर्यंत चालत गेला, बाहेर पडला आणि मागे वळून त्याने फाटकाची कडी लावली. मग गाडीत बसला.

“वा! हे कुठून सुचलं?”

“शेळी बाहेर जाते ना,” एवाल्ड बोलून गेला.

कुठून सुचलं ते त्याला घरी गेल्यावर उमगलं. युद्ध संपलं त्या हिवाळ्यात त्याचा बाप अस्साच गेला होता, ओव्हरकोटवाल्या दोघांच्या मधून, शेळी बाहेर जाऊ नये म्हणून वळून कडी लावून. तो परत आला नाही. घरात त्याविषयी कधी कुणी अवाक्षर काढलं नव्हतं.

कमिटीला मात्र ती कडी फार आवडली. शत्रूचा ढोंगीपणा इतका बारकाईने आजवर कुणी दाखवला नव्हता म्हणे. ‘मान्यवर कलावंत’ पदवी जाहीर झाली.

गावातल्या खेळाला तो पदवीचा बिल्ला लावून आईशेजारी बसला. येऊ नकोस असं तिला सांगण्याचं त्याच्याने झालं नव्हतं. आई ठेवणीतली शाल पांघरून नाचाची वाट बघत होती. कालवा झाला, सफरचंदं झाली. मग ओव्हरकोटवाले आले. पडद्यावरच्या एवाल्डने वळून कडी लावली, गाडी निघाली, आणि लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला.

आई उभी राहिली. “कुठे नेतायत त्याला?” तिने मोठ्याने विचारलं.

टाळ्या विरल्या. गावातली जुनी माणसं खाली मान घालून बसून राहिली.

“आई, सिनेमा आहे,” एवाल्ड कुजबुजला. “मी इथेच आहे बघ.”

तिने त्याची बाही घट्ट धरली. “त्यांना सांग, गोळीच घाला म्हणावं. गोळी घातली की तू रविवारी जेवायला येतोस.”