पहिल्यापासून घेतो

माझा धाकटा भाऊ रसेल सातव्या वर्षी टीव्हीवर रडला आणि मग जन्मभर त्याला कुणी दुसरं काही करू दिलं नाही. 'मिलर्स रो' नावाच्या मालिकेत तो बॉबी व्हायचा. वरच्या खोलीतले भाडेकरू आजोबा खुर्चीतच गेलेले असतात, बॉबीला पत्ता नसतो. तो कप पुढं करून म्हणतो, "आजोबा, उठा ना, चहा गार होतोय." आणि मग त्याच्या लक्षात येतं. अख्खं इंग्लंड ढसाढसा रडलं. हॅलिफॅक्सच्या आमच्या गल्लीत तर बायका दुसऱ्या दिवशी आईला गाठून मिठ्या मारत होत्या, जणू म्हातारा आमच्याच घरचा होता.

लहान नटाबरोबर मोठं माणूस लागतं, म्हणून आई त्याच्याबरोबर लीड्सच्या स्टुडिओत जायची. गिरणीत वाढलेली बाई, पण दिग्दर्शकाला शिकवेल इतकी तयार झाली. "डावा गाल दिव्याकडं. नाक ओढायचं नाही. मध्ये काही बिघडलं तर कसनुसं तोंड करू नकोस. दोन पावलं मागं जायचं, 'पहिल्यापासून घेतो' म्हणायचं आणि घ्यायचं." हे धडे आमच्या स्वयंपाकघरात चालायचे. बाबा बस चालवून दमून यायचे, मी त्यांना टोस्टवर बीन्स वाढायची आणि कोपऱ्यात रसेल रडत असायचा. मला त्याचा हेवा वाटायचा, खोटं कशाला बोलू.

सोळाव्या वर्षी आवाज फुटला, तोंडावर मुरमं आली. मालिकावाल्यांनी बॉबीला कॅनडाला पाठवून दिलं आणि पुन्हा त्याची आठवणसुद्धा काढली नाही. मग बिस्किटांच्या जाहिराती. मग दवाखान्याच्या मालिकांमध्ये पेशंट, बहुतेक वेळा मरणारा. नाताळात मुलांच्या नाटकात गाईच्या सोंगातले मागचे पाय. तळलेल्या माशांच्या दुकानात रांगेत उभा राहिला की कुणीतरी ओरडायचंच, "ए बॉबी, चहा गार होतोय!" आणि हा शहाणा तिथंच, हातात चिप्सची पुडी घेऊन, ते वाक्य म्हणून दाखवायचा. विचारणाऱ्याला नाही म्हणायचं नाही, हीही आईचीच शिकवण.

"पन्नाशी उलटली तुझी, रस. लाज वाटू दे जरा," मी म्हणायची.

"त्यांना बरं वाटतं गं, लिनेट. माझं काय जातं?"

काय जात होतं ते आई गेली तेव्हा कळलं.

चॅपल भरलं होतं. बाबा पहिल्या बाकावर, मी त्यांच्या शेजारी. रसेल आईविषयी बोलायला उभा राहिला आणि सुरेख बोलला. खिडकीतून ऊन येत होतं, त्याचा डावा गाल नेमका तिकडं होता. "माझा हात धरून ती मला..." म्हणताना आवाज जड झाला, एक थेंब ओघळला. बायकांनी रुमाल काढले. तेवढ्यात आमच्या गल्लीतल्या ब्रेंडा हॉलरॉइडचा फोन वाजला. नाचाचं गाणं, तेही ठणाणा.

रसेल थांबला. रडणंही थांबलं, नळ बंद करावा तसं. ब्रेंडानं पर्स उपसून फोन गप्प करेपर्यंत तो कोऱ्या चेहऱ्यानं उभा राहिला. मग दोन पावलं मागं गेला.

"सॉरी," तो म्हणाला. "पहिल्यापासून घेतो."

आणि घेतलं की हो! तेच वाक्य, तोच श्वास, 'हात धरून'ला तोच जड आवाज, त्याच गालावर तोच थेंब. मागं कुणालातरी हसू फुटलं, त्यानं खोकल्यावर निभावलं. धरणीनं पोटात घ्यावं असं झालं मला. रसेलला वाक्य संपता संपता उमजलं. त्याचे कान लालबुंद झाले. उरलेलं त्यानं मान खाली घालून कसंबसं उरकलं.

नंतर हॉलमध्ये चहा आणि हॅम सँडविच होती. हा आतल्या मोरीत धुतलेलेच कप पुन्हा धूत उभा. ब्रेंडा माफी मागायला आली, पण तिला कुठं थांबावं हे कधीच कळलं नाही. "माझ्यामुळं खोळंबा झाला रे. पण खरं सांगू, दुसऱ्यांदा जास्त छान झालं."

तिला मी जवळजवळ ढकलूनच बाहेर काढलं आणि याच्यावर उखडले. "आईसमोर तरी! निदान आज तरी खरं रडायचंस!"

"मला येत नाही," तो म्हणाला. "मला एकच युक्ती येते. कॅमेरा सुरू व्हायच्या आधी आई कानात सांगायची, 'बाबा गेले असं समज.' की यायचं रडू. आजही तेच केलं, लिनेट. आईची शवपेटी समोर, आणि मी बाबा गेले असं समजत होतो. ते तिथंच बसले होते, माझ्याकडं बघत."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी कप भरला आणि त्याच्या हातात दिला. "जा. बाबांना नेऊन दे."

बाबा कोपऱ्यातल्या खुर्चीत होते. मान छातीवर कललेली, डोळे मिटलेले. रसेल कप घेऊन समोर उभा राहिला. हाक मारायला तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. साधं वाक्य, कुठलाही मुलगा बापाला म्हणेल असं, पण त्याच्या तोंडून ते निघेना. बशीत चहा सांडू लागला. आजूबाजूची माणसं बघायला लागली.

बाबांनी डोळे उघडले. "म्हण की. खरंच गार होतोय."

"बाबा, मी तुम्हाला..."

"ठाऊक आहे मला. तुझ्या आईनं तेव्हाच सांगितलं होतं." त्यांनी कप घेतला. "मी मेलो की माझं पोर रडतं, हे जिवंतपणी कुठल्या बापाला कळतं? बसमध्ये सगळ्यांना सांगत सुटलो होतो मी."

रसेलच्या चेहऱ्यावर जरा हसू आलं. बाबांनी एक घोट घेतला आणि कप बशीत ठेवला.

"पण आजचा दिवस तिचा होता रे, पोरा," ते म्हणाले.