फ्रिजमधले पणजोबा

कॅमेऱ्याच्या धंद्यातल्या माणसांच्या घरी सामान थोडं आणि किस्से फार. मस्कतमध्ये फ्लॅट बदलताना सोफा विकता येतो, किस्से मात्र दर वेळी बरोबर येतात. आमच्या ह्यांच्या अल् खुवैरच्या स्टुडिओतले बहुतेक किस्से व्हिक्टरचे. व्हिक्टर रोमानियाचा कॅमेरामन. त्याचे पणजोबा त्या देशातल्या अगदी पहिल्या सिनेमावाल्यांपैकी. कॅमेरा त्यांचा, दिग्दर्शन त्यांचं, आणि जिवाची जोखीमही त्यांचीच.

*

तेव्हा कॅमेरा हातानं फिरवायचा. वेग सारखा राहावा म्हणून पणजोबा तोंडातल्या तोंडात लष्करी चाल गुणगुणायचे. एका सेनापतीच्या अंत्ययात्रेचं शूटिंग करताना रंगात आले नि आवाज वाढला. खांदेकऱ्यांची पावलं त्या तालावर पडायला लागली! विधवा बाई थेट त्यांच्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. "अहो, त्यांना पुरायचंय. लढाईला न्यायचं नाही."

*

पुढे खरंच युद्ध आलं. खंदकातून कॅमेऱ्याची तिपाई वर निघाली की समोरच्यांना ती मशीनगन वाटायची. गोळ्या सुटायच्या. पणजोबा आडवे पडून हँडल फिरवत राहिले. शहरात फिल्म दाखवली, तर पडद्यावर नुसतं आभाळ. लोक ओरडले, "लढाई कुठाय?"

पणजोबा म्हणाले, "मलाही दिसली नाही. मी डोळे मिटले होते."

सगळे हसतात. मला मात्र ते अजून तिथेच पडून आहेत असं वाटतं, आणि हात जोडले जातात.

*

त्या काळची फिल्म चटकन पेट घ्यायची. पणजोबांचं गोदाम पेटलं आणि उभ्या आयुष्याचं काम गेलं. एकच डबा वाचला. तो वारशानं व्हिक्टरकडे आला, आणि यंदा त्याच्या फ्लॅटचा एसी बंद पडल्यावर आमच्या फ्रिजमध्ये, कोथिंबिरीशेजारी.

"पेटलीच तर पाणी ओतायचं ना?" मी विचारलं.

"भाभी, ही पाण्याखालीही जळते."

त्या दिवसापासून दूध काढायचं तरी मी आधी देवीचं नाव घ्यायची.

*

मग नवरात्र आलं. माझा अखंड दिवा लग्नापासून एकाही वर्षी मध्येच विझलेला नाही. पण फ्लॅट तो केवढा? देवघर आणि फ्रिज यांच्यामध्ये एक डायनिंग टेबल.

हे म्हणाले, "दिवा विझव."

मी म्हटलं, "डबा हलवा."

स्टुडिओतले साउंडवाले विल्यमभाऊ वसईचे. ते समजुतीनं म्हणाले, "वहिनी, आम्ही मदर मेरीपुढे हल्ली बॅटरीची मेणबत्ती लावतो. रुसत नाही ती."

दिवा विझवला तर घरावर काय येईल ही भीती, आणि ठेवला तर एका माणसाचं उरलंसुरलं सगळं माझ्यामुळे जळेल ही त्याहून मोठी. शेवटी व्हिक्टरच म्हणाला, "भाभीचा दिवा राहू दे. गाला इंडस्ट्रियल एरियात एकाकडे जुनी फिल्म कॉम्प्युटरवर उतरवायचं मशीन आहे. आजच जाऊ."

*

हे दिव्यापाशी बसले, जन्मात पहिल्यांदा. विल्यमभाऊंनी गाडी काढली. बर्फाच्या पेटीत ठेवलेला डबा माझ्या मांडीवर. बाहेर ऊन नुसतं भाजत होतं. सिग्नलला थांबलो आणि उग्र, कुबट वास आला.

"वहिनी, हा वास..."

"यल्ला, चला," व्हिक्टर एवढंच म्हणाला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. मी पेटी सोडली नाही. सोडून ठेवणार कुठे?

मशीनवाल्यानं झाकण उघडलं. वास तिथूनच येत होता. बहुतेक रीळ विरघळून गुळाच्या ढेपेसारखं झालं होतं. वरचा थोडासा तुकडा तेवढा सुटा निघाला. व्हिक्टर खुर्चीच्या कडेला टेकला.

स्क्रीनवर एक अंगण. डोक्याला रुमाल बांधलेली बाई, दोन्ही हातांत असाच फिल्मचा डबा, अंगापासून लांब धरलेला. जपून पावलं टाकत ती कॅमेऱ्याजवळ आली, थांबली, सरळ आमच्याकडे बघून काहीतरी बोलली. आणि स्क्रीन पांढरा.

"पणजी," व्हिक्टर म्हणाला. त्यानं पुन्हा लावायला सांगितलं, आणि मग पुन्हा. मूकपट तो, आवाज कुठला?

"काय म्हणत असेल, भाभी?"

माझ्याआधी विल्यमभाऊच बोलले. "दुसरं काय? 'हे घरात ठेवायचं नाही.'"