बातम्यांच्या आवाजात मागितलेली विहीर

नागपूरच्या रेडिओवर मी चार वर्षं कापसाचे भाव आणि हवामान वाचलं. तेवढ्या काळात जिभेवरची वऱ्हाडी मी अशी घासून काढली, की आमच्याच गावचे शेतकरी म्हणू लागले, बोलते चांगला, पण कोनासाठी बोलते? पुढे करार संपला आणि तो वाढवायची कोणाला निकड वाटली नाही. लोकांना आवाजाची कदर नाही, अशी मी समजूत करून घेतली आणि वर्ध्याला परतलो.

गावाला लागूनच बोरगाव मेघेत खोली घेऊन मी बाहेर पाटी लावली, ‘वाणी सुधारून मिळेल’. शेजारी सायकली सुधारून मिळत. गर्दी तिकडेच असे. रिकाम्या वेळात मी एक पुस्तक लिहून काढलं. अर्धं पुस्तक श्वास कसा घ्यावा यावर होतं. लोक जन्मापासून तो माझ्याविना घेत आले आहेत, हे मनात आलं नाही.

सत्तावन्न सालच्या उन्हाळ्याआधी अल्लीपूरकडचा एक शेतमजूर माझ्याकडे आला. त्याच्या वस्तीनं आदल्याच वर्षी बौद्ध धम्म स्वीकारला होता. गावात विहीर होती, पण वस्तीतल्या बायांनी तिला हात लावायचा नाही. कोणी वरून पाणी ओतेपर्यंत घागर घेऊन ताटकळायचं. वस्तीला स्वतःची विहीर हवी होती. तालुक्याच्या सभेत ती मागायचं काम याच्यावर आलं होतं, आणि आपल्या बोलण्याला साहेब लोक हसतील याची त्याला धास्ती होती.

मी त्याला माझी सगळी विद्या दिली. कोणाकडे पाहायचं नाही, कागदाकडे पाहायचं. कागद वाजू द्यायचा नाही. आवाज चढू द्यायचा नाही, तीन मिनिटांत संपवायचं. ‘मले’, ‘तुले’ आणि ‘काऊन’ यांना तर मी हद्दपारच केलं. दिवसभर शेतात राबून तो सायकलनं येई आणि मुकाट्यानं शिके.

सभेत तो एकही चूक न करता वाचत गेला. मागच्या रांगेत मी फुगून बसलो होतो. त्यानं वाचलं, कागदाची घडी केली आणि तो खाली बसला. साहेबांनी टाळ्या वाजवल्या. अगदी रेडिओ, म्हणाले, आणि येत्या प्रदर्शनात पाहुण्यांचं स्वागत यांच्याकडूनच करून घ्या, असं सांगून पुढच्या विषयाकडे वळले. बातम्यांना कोणी उत्तर देत नसतं. चार वर्षं बातम्या देऊनही हे मला उमगलं नव्हतं.

बाहेर आल्यावर तो म्हणाला, “आवाज ऐकला त्यायनं, गुरुजी. विहीर नाई ऐकली.”

मी त्याला सांगितलं, की दुसऱ्या वाक्यात तुझा श्वास कमी पडला. तो सायकलवर बसून निघून गेला. त्यानंतर वर्गाला आला नाही.

पुढच्या सभेला मी न बोलावताच गेलो. दारात त्यानं मला पाहिलं. या वेळी त्याच्या हातात कागद नव्हता. तो उठला आणि साहेबांच्या डोळ्यांत पाहून बोलू लागला.

“साहेब, माही माय सकाळपासून घागर घेऊन विहिरीपाशी उभी हाये. मी इथं बोलून राह्यलो, तवाही उभीच हाये. तिच्या वस्तीले विहीर कवा देता ते सांगा, मंग मी बसतो.”

आणि तो खरोखरच बसला नाही. साहेबांनी पाणी मागवलं, कागद चाळले, घाम पुसला. तो उभाच. शेवटी कारकुनाला बोलावून त्या वस्तीची विहीर यादीत चढवली, तेव्हा तो बसला. साहेब चिडले होते. असं बोलायला कोणी शिकवलं, असं त्यांनी विचारलं.

“कोनीच नाई, साहेब,” तो म्हणाला.

साहेबांना भेट द्यायला आणलेलं माझं पुस्तक मी पिशवीत खोल सारलं. मला फार लाज वाटली. तो खोटं बोलत नव्हता.