पारा, अंगठी आणि नारायणभाऊंचा गोल

दवाखान्यात किस्से जमवायला वेगळं काही करावं लागत नाही. रिकाम्या बाटल्या कपाटात साठतात तसे तेही साठतात. एक काढायला जावं तर शेजारच्या चार अंगावर येतात! परवा नातीनं ताप बघायचं नवं यंत्र आणलं. मी सवयीनं झटकायला गेलो, तर ते टूं टूं करायला लागलं. "आजोबा, यात पारा नसतो. जगातल्या देशांनी मिळून करार केलाय आता, पारा कमी करायचा म्हणून." मी म्हटलं, चला, आमच्या डॉक्टरांचं कुणीतरी ऐकलं एकदाचं!

तेव्हा मी चामोर्शीकडच्या एका गावात सरकारी दवाखान्यात कंपाउंडर होतो. आमचा चांदा जिल्हा नुकताच मुंबई राज्यात गेला होता, म्हणून साताऱ्याकडचे तरुण डॉक्टर आमच्या वाट्याला आले. मलमपट्टीला गणबाभाऊ. एवढाच स्टाफ.

*

एकदा गणबाभाऊंच्या हातून थर्मामीटर फुटला. नवा मागवला तर वरून पत्र आलं, 'मोडलेल्या वस्तूचे भाग परत पाठवल्याशिवाय नवीन मिळणार नाही.' पारा तर थेंब थेंब होऊन शेणानं सारवलेल्या जमिनीवर पळालेला. गणबाभाऊ अर्धा दिवस ओणवे होऊन पोस्टकार्डानं एकेक थेंब उचलत बसले. "सायाचा, मासोळीपेक्षा जास्त निसटते हो हा!" शेवटी औषधाच्या बाटलीत भरून पार्सल केलं.

पंधरा दिवसांनी उत्तर आलं. 'पारा मिळाला. काच कुठे आहे?'

*

डॉक्टरांना पाऱ्याचा भारी राग. त्याची वाफ दिसत नाही, वास येत नाही, पण अंगात भिनली की हिरड्या सुजतात, दात हलतात, हात कापायला लागतात, हे ते भेटेल त्याला सांगत. एकदा एक शेतकरी बाबा दवाखान्यात आले आणि थोडा पारा द्या म्हणाले. राखेत खलून धान्याला चोळला की किडे लागत नाहीत, असा तिकडे रिवाज होता.

डॉक्टर दचकले. "आणि तेच धान्य तुम्ही खाता?"

"नाई जी! ते बियाण्याचं असते. आमी कायले खाऊ?"

डॉक्टरांना हायसं वाटलं. "आणि बियाणं उरलं तर?"

"उरलं तं मंग पाहुने येतेच ना!"

*

उवांसाठीही पारा मागायला बायका येत. एका बाईंना डॉक्टर समजावून थकले. "अहो बाई, ते विष आहे, विष!"

बाई शांतपणे म्हणाल्या, "म्हणूनच तं मांगून राह्यली. औषधानं कुठी मरतेत उवा?"

*

पुढचा थर्मामीटर फुटला तेव्हा डॉक्टरांनी गणबाभाऊंना बाजूला केलं. "तुम्ही जमिनीत मुरवता. मी गोळा करतो." घाईत त्यांनी चिमटीनंच थेंब उचलले. काम झाल्यावर गणबाभाऊ म्हणाले, "साहेब, तुमची अंगठी चांदीची झाली न!"

खरंच! लग्नातली सोन्याची अंगठी पांढरीफटक. आणि डॉक्टरीणबाई दोन दिवसांत माहेराहून यायच्या होत्या. सगळ्या गावाला पाऱ्याचं भय घालणारे साहेब स्वतःच पांढरे पडले.

मी त्यांना नारायणभाऊ सोनारांकडे नेलं. तांब्यावर सोन्याचा मुलामा चढवण्यात त्यांचा हात धरणारा आसपास कुणी नव्हता. सोनं पाऱ्यात कालवायचं, तो लगदा तांब्याला फासायचा आणि निखाऱ्यावर धरायचं. पारा उडून जातो, सोनं राहतं. बंद खोलीत त्यांनी अंगठी निखाऱ्यावर धरली. हळूहळू ती पिवळी झाली.

"घ्या साहेब. पारा उडून गेला."

"कुठे गेला?"

"आता कुठी म्हंजे? गेला तिकडे!"

डॉक्टर अंगठीकडे बघतच नव्हते. ते नारायणभाऊंच्या हाताकडे बघत होते. चिमटा एकसारखा थरथरत होता. मग त्यांनी तोंड उघडायला लावलं. हिरड्या सुजलेल्या, खालचे दोन दात हलत होते.

"नारायणभाऊ, पारा कुठे गेला ते मला कळलं," डॉक्टर म्हणाले.

*

नारायणभाऊ आधी ऐकेनातच. पण नथीत मोती ओवायला त्यांना दोन दोन तास लागत होते, आणि लोक दागिना घेऊन अहेरीच्या सोनाराकडे जायला लागले होते. हात गेला की सोनार गेला, हे त्यांना कुणी सांगायला नको होतं. एक दिवस दवाखान्यात येऊन बसले आणि खाली बघत म्हणाले, "साहेब, हात परत येईन का?"

"आजपासून मुलामा बंद. पाऱ्याला शिवायचं नाही. मग बघू."

त्यांनी देवाची शपथ घेतली. दर बाजाराच्या दिवशी डॉक्टर त्यांच्या हातात पेन्सिल देऊन कागदावर गोल काढायला लावत. पहिला गोल बघून गणबाभाऊ म्हणाले, "हे तं कारलं हाय!" पोळ्याला त्याचा बटाटा झाला. दिवाळीनंतर एकदा असा गोल निघाला की डॉक्टरांनी तारीख घालून तो भिंतीला चिकटवला. मला फार आनंद झाला. आम्ही तिघांनी त्या दिवशी उगाचच पेढे खाल्ले!

*

महाशिवरात्रीला आमच्या गावची पालखी मार्कंड्याच्या जत्रेला जायची. आदल्या दिवशी ती देवळाबाहेर निघाली आणि बघतो तर देवाचा तांब्याचा मुखवटा लख्ख! ताजा, पिवळाधमक मुलामा.

डॉक्टर तिथूनच तरातरा नारायणभाऊंच्या घरी निघाले, मागे मी आणि गणबाभाऊ.

"तुम्ही देवाची शपथ घेतली होती!"

"घेतली ना जी. मोडली कुठी?" नारायणभाऊंनी कोळशाचा तुकडा उचलला आणि ओसरीच्या भिंतीवर एका झटक्यात गोल काढला. परकारानं काढावा तसा. "पाहा. इतक्या महिन्यांत पाऱ्याले बोट नाई लावलं."

डॉक्टर त्या गोलाकडे बघतच राहिले. राग कुठल्या कुठे गेला. "मग मुखवट्याला मुलामा कुणी दिला?"

"देवाचं काम हाय, साहेब. ते काऊन थांबते?" नारायणभाऊ हसले. त्यांच्या चेहऱ्यावर अभिमान मावत नव्हता. "आमची घरवाली शिकली. तुमी मले मना केलं, तवापासून सारा मुलामा तेच करून राह्यली. माह्यापेक्षा साफ हात हाय तिचा! बसा, चहा घेऊन जा." आणि आत वळून त्यांनी हाक मारली, "कौसल्या, साहेब आले, चहा आन!"

आम्ही सतरंजीवर बसलो. थोड्या वेळानं आतून कपबशांची किणकिण ऐकू आली, आणि ती थांबेचना. मग त्या किणकिणीमागून कौसल्याबाई दारात आल्या.