माइकचा ट्रॅक वेगळा

गेमचा आवाज एका ट्रॅकवर आणि माइकचा दुसऱ्या ट्रॅकवर घ्यायचा असतो, हे मला चार व्हिडिओ वाया गेल्यावर कळलं. तोवर दोन्ही एकातच मिसळून रेकॉर्ड व्हायचे. ट्रकचं इंजिन एवढं गुरगुरायचं की मी काय बोलतेय ते मलाच ऐकू येत नसे, आणि एकदा मिसळलेलं नंतर वेगळं करता येत नाही. मग मी सेटिंग उघडून गेमला एक नंबर दिला, माइकला दोन. गेमचा आवाज माइकमध्ये शिरू नये म्हणून हेडफोन घालायला लागले. सुरुवातीला एक टाळी वाजवायची आणि त्याच क्षणी कोपरानं गेममधला हॉर्न दाबायचा, म्हणजे दोन ट्रॅक मागंपुढं झालेच तर जुळवता येतात.

हे कुणी शिकवलं नाही. मी शिकले. माझं बहुतेक शिक्षण असंच झालंय. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. इंजिनिअर झाले तेव्हा गावच्या चौकात माझ्या फोटोचा फ्लेक्स लागला होता, आणि तो माझ्या वडिलांनी, अप्पांनी, स्वतः शिडीवर चढून बांधला होता. याचा मला अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही. बेंगळुरूतली नोकरी गेली तेव्हा मात्र ती गोष्ट लपवली.

नोकरी एका मंगळवारी गेली. व्हिडिओ कॉल अकरा मिनिटं चालला. दोन दिवसांनी कंपनीचा लॅपटॉप न्यायला माणूस आला, त्याला मी चहा विचारला. तो नको म्हणाला. रडू आलं नाही, रागही नाही. नंतरही काही आलं नाही. सकाळी अर्ज पाठवायचे, दुपारी माझ्या स्वतःच्या पीसीवर ट्रक चालवायचा गेम लावायचा आणि मराठीत बोलत त्याचं रेकॉर्डिंग करायचं. शंभरेक लोक बघायचे. त्यांच्यासाठी करत होते असंही नाही. दिवसात काहीतरी सुरू करून बंद करायला हवं होतं, एवढंच.

तीन महिने असे गेले आणि अप्पा आले. तीस वर्षं ट्रक चालवलेला माणूस. उजव्या डोळ्यात मोतीबिंदू पिकलेला. इथल्या डॉक्टरांना दाखवू, असं मीच नोकरी असताना म्हणून ठेवलं होतं. सोमवारची वेळ मिळाली होती, आणि अप्पा आठवडाभर आधीच के. आर. पुरम स्टेशनवर उतरले. बरोबर शेंगाचटणी, कडक भाकरी आणि आईनं दिलेली गोधडी.

माझी एकच खोली, तिलाच लागून ओटा. लपायला जागा नाही. मी सांगितलं, "अप्पा, मी घरूनच काम करते. कंपनी गेम बनवते. मी तो खेळून तपासते आणि बोलून रेकॉर्ड करते. तेवढा वेळ आवाज नको."

"खेळायचा पगार देतात?"

"देतात."

"चांगलंय की. आम्हाला खरा ट्रक चालवून वेळेवर मिळायचा नाही."

दुपारी मी पंखा बंद करायची, कारण पंख्याची घरघर माइकमध्ये येते. अप्पा घामाघूम होऊन चटईवर गप्प बसायचे. भात त्यांनी कुकरऐवजी उघड्या पातेल्यात शिजवायला घेतला. शिट्टी नको म्हणून. मी टाळी वाजवली की पुटपुटायचे, "झाली आरती सुरू."

दुसऱ्या दिवशी मात्र त्यांना राहवलं नाही. गेममध्ये घाट आला होता.

"उतार आहे. गिअर खाली घे."

मी हेडफोन काढले. "अप्पा, रेकॉर्ड होतंय."

"मी हळूच म्हटलं की."

"माइकला हळू कळत नाही."

"मग त्यालाच सांग, ब्रेक तापतील म्हणून." मग म्हणाले, "तू हे करू नये म्हणून मी जन्मभर गाडी हाणली. आणि तू बघ, खुर्चीत बसून तेच करतीस." हसले. मी हसल्यासारखं केलं.

गुरुवारी रेकॉर्डिंग चालू असताना खालून घरमालकीण अक्कांची हाक आली, "मॅडम, स्वल्प बन्नि!" म्हणजे जरा या. पाण्याचा टँकर आला होता. टाकी भरेपर्यंत कुणीतरी मोटरपाशी थांबावं लागतं आणि त्या दिवशी माझी पाळी होती. मी गेम थांबवला, हेडफोन टेबलावर टाकले आणि खाली गेले. रेकॉर्डिंग बंद करायचं राहिलं. वीस-पंचवीस मिनिटांनी वर आले तर अप्पा होते तसेच चटईवर. मी पुढचा घाट उतरले.

संध्याकाळी जेवताना म्हणाले, "रविवारी सकाळी निघतो."

"सोमवारी डॉक्टर आहेत."

"डोळा कुठं पळून चाललाय? दिवाळीनंतर बघू. गावाकडं काम निघालंय."

"काय काम?"

"आहे एक."

मी आणखी विचारलं नाही. कुणाला काही खोदून विचारायची ताकद तेव्हा माझ्यात नव्हती.

शुक्रवारी दुपारी अप्पा खाली चहा प्यायला गेले आणि मी आदल्या दिवशीचं रेकॉर्डिंग एडिट करायला बसले. टँकरचा मधला भाग कापायचा होता. गेमचा ट्रॅक तिथं सरळ रेघेसारखा पडलेला. खालच्या, माइकच्या ट्रॅकवर मात्र उंचवटे होते. मी हेडफोन घालून तिथून ऐकलं.

अप्पा फोनवर बोलत होते. त्यांचा फोन कायम स्पीकरवर असतो, त्यामुळे आईही ऐकू येत होती.

"जेवलात का?"

"जेवलो. ऐक, पोरीची नोकरी गेलीय."

आई म्हणाली, "तिनं सांगितलं?"

"ती कशाला सांगतीय. चार दिवस बघतोय, एकदा साहेबाचा फोन नाही. गाडी मालावर असली की मालक तासातासाला विचारतो, कुठवर आलास, कधी पोचतोस. ज्या गाडीला कुणीच फोन करत नाही ती उभी असती."

"मग विचारा की तिला."

"काय विचारू? माझ्यासाठी रोज त्या डबड्यापुढं बसून पगाराचं सोंग करतीय. मी आहे तोवर करत राहणार. रविवारी निघतो मी."

"आणि डोळा?"

"एक आहे की अजून."

मग जिन्यावर माझ्या चपला वाजल्या आणि अप्पा म्हणाले, "ठेव, आली ती."

मी ते तीनदा ऐकलं. आवाज स्वच्छ आला होता. पंखा बंद होता ना. एवढंच माझ्या डोक्यात आलं, आणि मग मी तो तुकडा कापून दोन्ही टोकं जोडली. सांधा कळत नव्हता.

खरं सांगते, त्यानंतर पहिला विचार आला तो असा, की जाऊ दे त्यांना. रविवारी गेले तर गावात कुणाला काही कळणार नाही. अप्पा बोलणार नाहीत, आई बोलणार नाही. मीही बोलायचं नाही. सगळ्यांची अब्रू जागच्या जागी राहील आणि अप्पांचा उजवा डोळा दिवाळीनंतर बघू. दिवाळीनंतर म्हणजे कधीच नाही, हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक असतं. मी बराच वेळ तशीच बसले. वाईट वाटायला हवं होतं. वाटण्याची वाट बघितली, पण काही आलं नाही.

अप्पा परत आले. दारात उजव्या हाताला स्टूल होतं, रोज असतं तिथंच. त्यावर त्यांची नडगी आपटली. "कुणी ठेवलं रे हे," म्हणाले आणि हातानं चाचपून ते बाजूला केलं.

मी म्हटलं, "अप्पा, माझी नोकरी गेली. तीन महिने झाले."

ते चपला काढत होते. एक काढली, मग दुसरी. त्यांना आत्ताच कळतंय असं त्यांनी केलं आणि मी करू दिलं.

"कुणाशी भांडलीस का?"

"नाही. बऱ्याच जणांना काढलं."

"भांडली असतीस तरी चाललं असतं." चटईवर बसले. "आणि हे ट्रकचं?"

"ते माझं मीच करते. पगार नाही."

"तरीच म्हटलं, खेळायचा पगार कोण देतंय."

"रविवारी जाऊ नका."

"अगं, काम आहे गावाकडं."

"काही काम नाहीये, अप्पा."

त्यांनी डाव्या डोळ्यानं माझ्याकडं नीट बघितलं. मी रेकॉर्डिंगचं बोलले नाही. त्यांनीही कुठून कळलं ते विचारलं नाही.

"बरं," म्हणाले. मग पुन्हा, "तुझ्या आईला तूच सांग. मला ते सांगायला जमायचं नाही." हे त्यांनी इतक्या सहज म्हटलं की मी मान हलवली.

आईला फोन केला. "अगं बाई," म्हणाली ती, आणि मग जरा उशिरानं, आठवल्यासारखं, "कधी?"

सोमवारी आम्ही बसनं दवाखान्यात गेलो. तपासणीच्या खोलीत भिंतीवर अक्षरांऐवजी तीन दांड्यांच्या खुणांचा तक्ता होता. दांड्या कुठल्या बाजूला आहेत ते सांगायचं. तिथली मुलगी कन्नडमध्ये विचारत होती, मी मराठीत सांगत होते. अप्पांनी डावा डोळा झाकला आणि तोंडानं काही न बोलता, ट्रकच्या खिडकीतून काढावा तसा हात बाहेर काढून दाखवलं. उजवीकडं. खाली. तिसऱ्या खुणेला हात मांडीवर ठेवला.

"पुढचा रस्ता दिसत नाही," म्हणाले.

ऑपरेशनला पुढच्या आठवड्यातला दिवस मिळाला. खिडकीवर फॉर्म भरायला दिला. रुग्णाबरोबर कोण राहणार, त्यांचं नाव, नातं, व्यवसाय. अप्पा माझ्या खांद्यामागं उभे होते. त्यांना इंग्रजी वाचता येत नाही, तरी मी काय लिहितेय तिकडं त्यांचं लक्ष होतं.

"काय लिहिलंस?"

"मुलगी. इंजिनिअर. सध्या नोकरी नाही."

"हं," म्हणाले. "सही कर."

मी सही केली.