राजूर घाटाचं रेकॉर्डिंग

मोतीराम ड्रायव्हर पहिल्यांदा माझ्या लक्षात आला तेव्हा तो गाडी चालवत नव्हता, उभी करून बसला होता.

मी नुकतीच धामणगाव बढ्याच्या शाळेत बदलून गेले होते आणि बुलढाण्याहून रोज अपडाऊन करत होते. सकाळची एसटी मोताळ्याच्या स्टँडवर थांबली होती. कंडक्टर खाली उतरून एका म्हातारीला टपावरचं गाठोडं काढून देत होता. घंटीची दोरी त्या दिवशी तुटलेली होती. सगळ्यांना उशीर होत होता, म्हणून मागच्या सीटवरच्या एकानं खांबावर नाणं आपटून दोनदा टणटण केलं. दोन म्हणजे चला. गाडी हलली नाही. त्यानं पुन्हा आपटलं. तेव्हा ड्रायव्हरनं आरशातून मागं पाहिलं.

"हा पंजाबरावचा हात नाही," तो म्हणाला.

"अरे पण चढले ना सगळे?"

"चढले असतीन. पंजाबराव सांगीन ना."

"याले बायकोनं वाढल्यावरही पंजाबरावले इचारूनच जेवा लागत असंन," तो माणूस म्हणाला. गाडीभर हशा झाला. मोतीरामही हसला, पण आरशातल्या आरशात, आमच्याकडे पाठ ठेवूनच. मग कंडक्टर, म्हणजे पंजाबराव, चढले, दार ओढलं, तिकिटाच्या पंचनं दांडीवर दोन टोले दिले आणि गाडी निघाली.

पुढं कितीतरी वर्षं मी त्या गाडीनं गेले. पंजाबराव मोतीरामहून थोडे मोठे, उंच, तोंडाळ. मोतीराम बुटका आणि कमी बोलणारा. ड्युटी लावताना दोघं एकमेकांना मागून घेत. राजूर घाट आला की पंजाबराव तिकिटं आटपून ड्रायव्हरच्या मागं येऊन उभे राहायचे. "धीरे बे मोत्या, मास्तरीनबाईच्या डब्यातलं वरण सांडन," असं म्हणायचे. मोतीराम उत्तर द्यायचा नाही, पण पुढचं वळण मात्र लोणी कापावं तसं घ्यायचा. मुक्कामी गाडी असली की दोघं धामणगावच्या पारावर एकाच डब्यात जेवताना दिसत.

मी त्यांच्या आधी रिटायर झाले. मग एसटीचा तो लांबलेला संप आला. मोतीरामच्या घरात तेव्हा मुलीचं, संजीवनीचं, लग्न उभं होतं. संप मिटायच्या आधीच एका सकाळी तो कामावर हजर झाला आणि दुसऱ्याच एका कंडक्टरला घेऊन त्यानं गाडी बाहेर काढली. डेपोच्या फाटकाशी संपवाले बसले होते, त्यात पंजाबराव होते. त्यांनी शिवी दिली नाही, गाडी अडवली नाही. खिडकीजवळ येऊन एवढंच म्हणाले, "जाय. तुले माह्या घंटीची गरज नाही आता."

कोणाचं बरोबर होतं हे मी सांगू शकत नाही. दोघांचीही घरं मला माहीत होती. संप मिटल्यावर पंजाबराव थोड्याच महिन्यांत रिटायर होऊन साखरखेर्ड्याला, आपल्या गावी गेले. नंतर मोतीरामही घरी बसला. बोलणं बंद झालं ते बंदच राहिलं.

मोतीरामचं घर बुलढाण्यात माझ्या घरापासून दोन गल्ल्या सोडून आहे. घरी बसणं त्याला जमेना. अंगणातून फाटकापर्यंत आणि फाटकापासून अंगणापर्यंत फेऱ्या मारायचा. पुण्याला नांदणाऱ्या संजीवनीला हे आईकडून कळलं. तिचा जुना कॉम्प्युटर माहेरीच होता. एका सुट्टीत तिनं त्यात बस चालवायचा गेम टाकला, टेबलाला लावायचं स्टिअरिंग आणि पायाखालचे ब्रेक-क्लच आणून दिले, आणि चालवलेली गाडी रेकॉर्ड करून कोणाला पाठवायची असेल तर तेही होतं म्हणून स्क्रीनचं रेकॉर्डिंग करणारं एक सॉफ्टवेअर घालून दिलं.

गेममधला रस्ता कुठल्यातरी थंड मुलखातला आहे. उंच टोकदार झाडं, लाल छपरांची घरं, रस्त्यावर कागदाचा कपटा नाही. मोतीरामनं त्यात डोंगरातला एक वळणांचा उतार शोधून काढला आणि त्याला राजूर घाट म्हणू लागला. उतार संपला की लाकडी पूल येतो, ते राजूर. चर्च दिसलं की मोताळा. शेवटी गाईंचा गोठा आहे, तिथं धामणगाव.

"मॅडम, हे राजूरले जाऊन येतो म्हणते अन् खुर्चीवरून उठत नाही," त्याची बायको आशाबाई मला म्हणाल्या. "मी म्हटलं, मोताळ्यावरून भाजी तरी घेऊन येत जा."

एका दुपारी मोतीराम माझ्याकडे आला. चहा घेतला, कपबशी धुवायला स्वतःच मोरीत नेऊन ठेवली, आणि म्हणाला, "मॅडम, थोडं इंग्रजी वाचून द्याल काय?"

त्यानं घाटाचं रेकॉर्डिंग केलं होतं आणि पंजाबरावांच्या मोबाईलवर पाठवलं होतं. संपानंतर पहिल्यांदाच. पाठवण्याआधी पाहायचं त्याच्या डोक्यात आलं नाही. पंजाबरावांनी ते उघडल्याच्या दोन निळ्या खुणा आल्या. उत्तर आलं नाही. मग यानं स्वतः उघडून पाहिलं, तर पहिल्यापासून शेवटपर्यंत नुसता काळा पडदा. आवाज मात्र सगळा होता. इंजिनाची घरघर, ब्रेकचा सुस्कारा, आणि मोतीराम पुकारतोय, राजूर, राजूरवाले उतरा.

"आवाज आहे ना," मी म्हटलं. "ओळखतील ते."

"आवाजात थांबणं दिसत नाही, मॅडम."

मला कळलं नाही. तेव्हा त्यानं समजावून सांगितलं. प्रत्येक थांब्यावर त्यानं गाडी उभी ठेवली होती. दार उघडं, पाय ब्रेकवर. घंटी द्यायला कोणी नव्हतं आणि तो हलत नव्हता. बराच वेळ तसाच. मग पुढं. एवढंच पंजाबरावांना दिसावं म्हणून तो सगळा खटाटोप होता.

"अन् त्याले दिसलं काय? काळं. त्याले वाटलं असंन, मोत्या मस्करी करून राह्यला."

दुसऱ्या दिवसापासून मी दुपारी त्याच्याकडे जाऊ लागले. त्या सॉफ्टवेअरच्या मदतीच्या पानांवर, गेमचं चित्र येत नसेल तर काय करावं, हे इंग्रजीत लिहिलेलं होतं. मी वाचायची, तो करायचा. पहिला उपाय, रेकॉर्डर अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या अधिकारात उघडा. उघडला. काळं. दुसरा, गेम पूर्ण पडद्यावर न ठेवता विंडोत ठेवा. ठेवला. या वेळी चित्र उमटलं, पण गेमचं नाही. कॉम्प्युटरच्या पडद्यावर संजीवनीच्या लग्नाचा फोटो लावलेला आहे, तो सबंध वेळ स्थिर, आणि मागून मोतीरामचा आवाज, मोताळा, मोताळा, चला लवकर.

आशाबाई दारातून पाहत होत्या. "हाच पाठवा," त्या म्हणाल्या. "जावई तरी चांगले दिसते."

"तू आत जाय ना."

"जातो. पुढच्या थांब्यावर उतरतो मी."

तिसरा उपाय जरा अवघड होता. संजीवनीनंही फोनवर तोच सांगितला. कॉम्प्युटरात पडद्यावर चित्र काढणारे दोन वेगळे भाग असतात, एक साधा आणि एक ताकदीचा. गेम ताकदीच्या भागावर चालतो आणि रेकॉर्डर साध्या भागावर उभा असला, तर त्याला काहीच दिसत नाही.

"म्हंजे कंडक्टर एका गाडीत अन् ड्रायव्हर दुसऱ्या गाडीत," मोतीराम म्हणाला.

"अगदी तसंच."

"मंग एका गाडीत बसवा त्याईले."

बसवले. सेटिंग बदललं, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला. गेम परत पूर्ण पडद्यावर आणला. पुन्हा काळं. मोतीराम स्टिअरिंगवर हात तसेच ठेवून बसून राहिला. मला त्याच्या हातांवरच्या शिरा दिसत होत्या. या माणसानं मला एवढी वर्षं वेळेवर शाळेत पोचवलं आणि मला त्याचं हे एक काम होत नव्हतं.

शाळेत एखाद्याचं गणित पुन्हा पुन्हा चुकलं की मी उत्तर तपासायची नाही. माझ्यासमोर बसवून पहिल्या ओळीपासून सोडवायला लावायची. तसंच इथं करावं असं वाटलं.

"मोतीरामभाऊ, कॉम्प्युटर बंद करा. आता मी काही वाचत नाही, सांगत नाही. तुम्ही रोज जसं करता तसं सुरुवातीपासून करा. मी नुसती पाहते."

त्यानं कॉम्प्युटर लावला. शर्टाची कॉलर नीट केली. रेकॉर्डर उघडला, रेकॉर्डिंगचं बटण दाबलं. मग गेम उघडला, गाडी निवडली, स्टँडवर आणली आणि काढली.

"थांबा. रेकॉर्डिंग आधी का लावलंत? गेम अजून उघडलाही नव्हता."

चप्पल आधी घालावी की पाय आधी धुवावेत असं मी विचारल्यासारखं त्यानं माझ्याकडे पाहिलं.

"घंटी झाल्याशिवाय गाडी कशी काढू, मॅडम?"

मी पुन्हा ते पान काढलं. आम्ही घाईनं वाचून पुढं गेलो होतो ती ओळ तिथंच होती. रेकॉर्डर बटण दाबल्याक्षणी समोर जे उघडं असेल तेच धरतो. समोर रिकामा पडदा असेल तर तो रिकामा पडदाच धरून बसतो. नंतर गेम विंडोत उघडला तर मागचं चित्रच येत राहतं, आणि गेमनं सगळा पडदा व्यापला तर नुसतं काळं. म्हणून गेम आधी उघडायचा. रेकॉर्डरनं गेम ओळखला की पडद्याच्या कोपऱ्यात हिरवा आकडा दिसतो. तो दिसला की मग बटण.

मोतीराम ऐकत होता. मग म्हणाला, "म्हंजे घंटीच्या आधी गाडी काढा म्हणते हे."

त्याच्या आवाजावरून कळलं की हे त्याला जमणार नाही. तसं त्यानं आयुष्यात एकदाच केलं होतं.

"काढा नाही म्हणत," मी म्हटलं. "चालू करून उभी ठेवा म्हणतंय. हलायचं घंटीनंतरच."

त्याचा पाय आपसूक क्लचवर गेला.

"इंजिन तर आपण आधीच चालू ठेवत होतो," तो हळूच म्हणाला. "पंजाबराव कंट्रोलरच्या खोलीतून येईपर्यंत. थंडीच्या दिवसात तर लयच आधी. तो म्हणे, गरम करून ठेव बे, मी आलोच."

त्यानं गेम उघडला. गाडी स्टँडवर आणून चालू ठेवली. कोपऱ्यात हिरवा आकडा आला. बटण दाबल्यावर आकडा लाल झाला. मोतीरामनं गिअर टाकला.

मी मागच्या खुर्चीवर बसून तो सगळा प्रवास पाहिला. घाटात त्यानं एकदाही जोरात ब्रेक दाबला नाही. पुलापाशी, म्हणजे राजूरला, गाडी थांबली आणि दार उघडलं. बाहेर टोकदार झाडं वाऱ्यानं हलत होती. कोणी चढलं नाही, कोणी उतरलं नाही. मोतीराम वरच्या आरशाकडे पाहत होता. गेममधल्या आरशात रिकाम्या सीटांच्या रांगा दिसत होत्या. आशाबाई दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या. चर्चपाशी तसंच झालं. गोठ्यापाशी तर इतका वेळ थांबला, की मला वाटलं तो रेकॉर्डिंग बंद करायचं विसरला.

नंतर आम्ही ते लावून पाहिलं. सगळं आलं होतं, झाडं, वळणं, उघडं दार. त्यानं घाट पुढं ढकलला आणि फक्त थांबे पाहिले. मग पाठवलं.

निळ्या खुणा त्याच दिवशी आल्या. उत्तर नाही. मोतीराम दिवसातून कितीदा मोबाईल उघडून पाहायचा हे आशाबाईंनी मला सांगितलं, पण त्याच्यासमोर नाही.

आठवडा उलटला असेल, आशाबाईंना अन्नपूर्णाबाईंचा फोन आला. अन्नपूर्णाबाई म्हणजे पंजाबरावांच्या पत्नी. मी योगायोगानं तिथंच होते. आशाबाईंनी फोन मोठ्या आवाजावर लावला.

"पोचला हो व्हिडिओ," अन्नपूर्णाबाई म्हणाल्या. "हे रोज पाहून राह्यले. जेवण झालं की लावते. काल नातवाले म्हणे, एवढा वेळ कोणी गाडी उभी ठेवते काय, खाली गाडी. एकबी पॅसेंजर नाही. खाली गाडी नेऊ नये म्हणे, डिझेल जळते फुकट."

मोतीराम फोनकडे वाकला. "वहिनी, पंजाबराव हाय काय जवळ?"

अन्नपूर्णाबाईंनी आवाज खाली आणला. "हायेत. बाजूलेच बसले हायेत."

"द्या ना."

पलीकडून काहीतरी सरकल्याचा, खुर्चीचा आवाज. "बाहेर गेले आताच," अन्नपूर्णाबाई म्हणाल्या. "दादा, तुम्ही मनावर घेऊ नका. पाहते ते. रोज पाहते."

फोन ठेवल्यावर मोतीराम मला म्हणाला, "मॅडम, यात पॅसेंजर भरता येते काय, पाहा ना जरा."

येत होते. सेटिंगमध्ये तशी सोय होती. आता थांब्यांवर रंगीत कोट घातलेली गोरी माणसं उभी असतात, दार उघडलं की एकेक करून चढतात, आणि मोतीराम त्यांना पुढं सरका, पुढं सरका म्हणून दटावतो. मराठी त्यांना कळत नाही, पण सरकतात. आशाबाई म्हणतात, आपल्याकडचे लोक तरी कुठं एवढे ऐकत होते.

दर आठवड्याला एक रेकॉर्डिंग तो साखरखेर्ड्याला पाठवतो. ती पाहिली जातात, हे अन्नपूर्णाबाईंकडून कळतं. पंजाबरावांचा स्वतःचा फोन अजून आलेला नाही. मी एकदा म्हटलं, "तुम्हीच जाऊन या की एक दिवस."

"जाईन," तो म्हणाला. "त्यानं एकडाव बोलू द्या फोनवर."

साखरखेर्ड्याला चिखलीवरून बस मिळते. मोतीराम अजून गेलेला नाही.