विमानतळावर कोणी राहत नाही

परदेशी जाऊन आलेली माणसं तो देश कसा होता ते आधी सांगत नाहीत, विमानतळावर किती तास अडकून पडलो ते सांगतात. सहा तास बसून होतो हो, खुर्च्या लोखंडी, चहा महाग, आणि कोणी धड काही सांगेल तर शपथ. मी मान हलवत ऐकून घेते. मी स्वतः विमानतळावर सात वर्षं काढली आहेत, हे सहसा सांगत नाही. सांगितलं की लोकांना वाटतं माझे वडील पायलट होते, आणि मग पुढचा अर्धा तास त्यांना जमिनीवर आणण्यात जातो.

वडील चौकीदार होते. नाशिकच्या बाहेर, मळ्यांच्या मधोमध एक धावपट्टी होती, तिच्या कडेला एक बैठी इमारत, आणि इमारतीच्या गच्चीवर गावाचं नाव रंगवलेलं, वरून जाणाऱ्याला वाचता यावं म्हणून. वरून कोणी जात नसे. सत्तरच्या दशकात नाशिकला विमानाने पोचण्याइतकी घाई फक्त मंत्र्यांना असायची, तीही निवडणुका जवळ आल्यावर. सहा-सात महिन्यांतून एखादं छोटं विमान उतरायचं, तासाभरात उडून जायचं. मधल्या काळात विमानतळ चालू ठेवायची जबाबदारी वडिलांवर होती. म्हणजे धावपट्टीवर बसलेल्या म्हशी उठवणं, आणि वाऱ्याची दिशा दाखवणारी लांबडी कापडी पिशवी रोज सकाळी खांबावर चढवणं. आजूबाजूचे शेतकरी त्या पिशवीला सरकारी पायजमा म्हणत.

वडिलांच्या नेमणुकीच्या कागदात दोन अटी होत्या. चौकीदाराने चोवीस तास आवारात हजर असावं, ही एक. आवारात कोणाचंही वास्तव्य नसावं, ही दुसरी. दोन्हींखाली सही एकाच साहेबाची. आई जेवू घालीना आणि बाप भीक मागू देईना, तसली ही नोकरी. चौकीदारासाठी एक खोली मंजूर झालेली होती, पण ती अजून फायलीत होती, आणि फायलीत राहायला माणूस फारच बारीक लागतो. तेव्हा वडिलांनी आपल्या परीने तोड काढली. नांदगावच्या घरून त्यांनी आईला, मला आणि माझ्या तान्ह्या भावाला आणलं आणि प्रवाशांच्या प्रतीक्षागृहात ठेवलं. 'तात्पुरतं हाय,' ते म्हणाले. मी तेव्हा पाच वर्षांची होते, मला ते खरं वाटलं. आईलाही वाटलं असावं, कारण तिने मोठी पातेली नांदगावलाच ठेवली होती.

प्रतीक्षागृहात 'चौकशी' अशी पाटी लावलेली एक लाकडी खिडकी होती. तिच्यामागे आईने पिठाचे आणि डाळीचे डबे मांडले. सामान तोलायच्या काट्यावर ती बाजरी तोलायची आणि दर महिन्याला माझ्या भावालाही. तो काटा दुसऱ्या कुठल्याही कामासाठी वापरलेला मी पाहिला नाही. मोठ्या लोकांसाठी लाल रेक्झिनचा सोफा होता, त्यावर बसायची आम्हाला सक्त मनाई, म्हणून आम्ही त्याच्यासमोर खाली बसून जेवायचो. देवळालीकडे तोफांचा सराव सुरू झाला की खिडक्यांच्या काचा थरथरायच्या आणि भाऊ झोपेतून उठायचा. एक मात्र कबूल करायला पाहिजे, उडदाचे पापड वाळवायला धावपट्टीसारखी जागा अख्ख्या नाशिक जिल्ह्यात नव्हती. सरकारने इतकं गुळगुळीत, इतकं लांब आणि इतकं तापणारं वाळवण बांधून दिलं होतं, आणि लोक म्हणतात सरकार गरिबांसाठी काही करत नाही.

नांदगावला आमची किंमत वाढली होती. 'ल्योक विमानात कामाला हाय,' असं आजोबा चावडीवर सांगायचे. एकदा घरची सहा माणसं विमान बघायला म्हणून आली आणि आठ दिवस राहिली. रोज सकाळी धावपट्टीकडे तोंड करून बसायची. आठव्या दिवशी त्यांना एक शिंगरू दिसलं, तेवढ्यावर परत गेली. नाव मोठं लक्षण खोटं, असं कोणी तोंडावर म्हणालं नाही, हा त्यांचा चांगुलपणा.

विमान यायचं असलं की कलेक्टर कचेरीतून दोन तास आधी फोन यायचा. त्या दोन तासांत आमचा संसार नाहीसा करावा लागे. डबे, गोधड्या, दोरीवरचे कपडे, भावाचा पाळणा, सगळं शेजारच्या बंबखोलीत जायचं. बंबखोली म्हणजे आगीचा बंब ठेवायची खोली. बंब कधी आलाच नाही, म्हणून तिथे जागा होती. आई घामाघूम होऊन शेवटी ओल्या फडक्याने फरशी पुसायची, आणि मग बंबखोलीचं दार ओढून आम्ही तिघं आत बसायचो. मंत्री उतरायचे, लाल सोफ्यावर बसून सरबत प्यायचे, आणि विमानतळ किती स्वच्छ ठेवलाय म्हणून वडिलांची पाठ थोपटायचे. वडील त्या दिवशी खुशीत असायचे. आई पुन्हा डबे मांडायला लागायची.

आईला एकच गोष्ट पाहिजे होती, रेशनकार्ड. नांदगावच्या एकत्र कार्डावर आमची नावं होती, ती आम्ही निघाल्याच्या आठवड्यातच थोरल्या काकांनी कमी करून घेतली. त्यांनी आयुष्यात तत्परतेने केलेलं हे बहुधा एकमेव काम. नाव कमी केल्याचा दाखलाही त्यांनी आठवणीने पाठवून दिला. तेव्हापासून आई नांदगावात नाही असा कागद होता आणि नाशिकला आहे असा कागद नव्हता. रेशनची साखर नव्हती, रॉकेल नव्हतं, स्टोव्ह नुसता शोभेला होता आणि ती इमारतीच्या मागे तीन दगडांच्या चुलीवर स्वयंपाक करायची. पण तिचं दुखणं साखरेचं नव्हतं. ती चौथीपर्यंत शिकलेली होती, अक्षर माझ्यापेक्षा चांगलं होतं तिचं. ती म्हणायची, 'माणूस मेलं तरी कुठंतरी लिवत्यात त्याला. माझं जितेपणी कुठंच नाय.'

भावाला काखेत घेऊन ती रेशन कचेरीत खेटे घालायची, मी पदर धरून मागे. सरकारी काम आणि सहा महिने थांब, असं म्हणतात. आम्ही दोन वर्षं थांबलो. पत्त्याच्या रकान्यात आईने स्वतःच्या अक्षरात 'विमानतळ' लिहिलं होतं. कारकून दर वेळी तिथे बोट ठेवायचा.

'बाई, विमानतळावर कोणी राहत नाही. तिथे विमानं असतात.'

'विमानंबी नसत्यात,' आई सांगायची.

शेवटी तिथे एक नवा इन्स्पेक्टर बदलून आला. त्याने अर्ज पूर्ण वाचला, जे आधी कोणी केलं नव्हतं, आणि म्हणाला, 'बुधवारी सकाळी मी स्वतः येऊन बघतो. मांडलेली चूल, भांडीकुंडी, अंथरूण दिसलं पाहिजे. स्वतंत्र चूल दिसली की स्वतंत्र कार्ड.' परतीच्या वाटेवर आईने मला आणि भावाला पेरू घेऊन दिले. ती स्वतःशीच हसत होती, मला चांगलं आठवतं.

बुधवारी तिने मला शाळेत पाठवलं नाही. चूल सारवली, भांडी राखेने लख्ख घासली, डबे उंचीप्रमाणे चौकशीच्या खिडकीत लावले, गोधड्यांच्या घड्या घालून वर उशा ठेवल्या. चार वर्षं जो संसार लपवायचा होता तो त्या दिवशी दाखवायचा होता. मला वाटतं तिने लग्नातही इतकी हौस केली नसेल. वडीलही खांबावर पिशवी चढवून आले आणि बघत उभे राहिले. 'चांगलं दिसतंय,' म्हणाले.

तेवढ्यात फोन वाजला. वडिलांनी तो नेहमीप्रमाणे उभं राहून घेतला आणि ठेवल्यावरही उभेच राहिले. विमानतळावर कोणाचं तरी बिऱ्हाड राहतं, अशी निनावी तक्रार गेली होती. मुंबईचे मोठे साहेब तपासायला निघाले होते, तासाभरात पोचत होते. घरचं झालं थोडं आणि व्याह्यानं धाडलं घोडं, दुसरं काय म्हणायचं. एका माणसाला आम्ही इथे राहतो हे दाखवायचं होतं आणि दुसऱ्याला राहत नाही हे, आणि दोघांनाही हीच सकाळ सोयीची होती.

'आवर समदं,' वडील म्हणाले.

'आज नाय आवरायची,' आई म्हणाली. 'आज मांडायचं हाय मला.'

'नोकरी जाईल.'

'त्या इन्स्पेक्टरला काय सांगू?'

'त्याला म्होरल्या बुधवारी बोलवू. अगं, नोकरी गेली तर कार्डावर घेऊन खाणार काय?'

 आईने चुलीवर तांब्याभर पाणी ओतलं. डबे, गोधड्या, उशा, सगळं बंबखोलीत गेलं. मला आणि भावाला आत बसवून तिने दार ओढलं आणि चुलीचे दगड हलवायला परत गेली. दाराच्या फटीतून मला सगळं दिसत होतं.

विमान खात्याचे साहेब मोटारीने आले, ठरल्या वेळेच्या आधी. बरोबर एक कारकून होता. साहेबांनी प्रतीक्षागृह पाहिलं, सोफ्यावर बोट फिरवून धूळ पाहिली, समाधान पावले. मग बंबखोलीत बंबच असणार असं धरून इमारतीमागे आले, आणि तिथे आई होती, राखेने काळे झालेले हात घेऊन उभी.

'ही कोण?'

'गवत कापायला येती, साहेब,' वडील म्हणाले. भिंतीला टेकवलेला विळा त्यांनीच आणून तिच्या हातात दिला.

साहेब नियमाने चालणारे होते. बाई कामाला आहे तर मस्टरवर पाहिजे, म्हणाले. कारकुनाने रजिस्टर उघडलं. 'पूर्ण नाव सांगा.'

आमच्याकडे तेव्हा नवरा बायकोचं नाव घेत नसे. वडील आईला 'ऐकलं का' म्हणायचे, 'अगं' म्हणायचे, लांबून हाक मारायची तर माझ्या नावाने मारायचे. तिचं नाव त्यांच्या तोंडून मी कधीच ऐकलं नव्हतं. आणि आता कारकून पेन उघडून थांबला होता. खरं नाव सांगितलं तर मागोमाग नवऱ्याचं नाव आलं, आडनाव आलं, आणि ते चौकीदाराचंच निघालं असतं. वडिलांनी एक नाव सांगितलं. कुठल्या तरी बाईचं. मग मधलं नाव सांगितलं, म्हणजे आईला एक नवरा देऊन टाकला, आणि पाठोपाठ पलीकडच्या मळ्यातलं कोणाचं तरी आडनावही. चारचौघांत त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा बायकोचं नाव घेतलं, ते हे. कारकुनाने ते वळणदार अक्षरात उतरवून घेतलं. आई विळा घेऊन धावपट्टीच्या कडेला गेली आणि खाली बसून गवत कापायला लागली.

मला वडिलांचा राग आला. तो इतकी वर्षं टिकला आहे, फक्त आता उभं राहून फोन घेणारे वडीलही त्याच्यासोबत आठवतात.

एवढ्यात रेशनचा इन्स्पेक्टर सायकलवर आला. शब्दाचा पक्का निघाला बिचारा. मोटार आणि साहेब बघून त्याने अदबीने विचारलं, इथे एक कुटुंब राहतं असा अर्ज आहे, खरं आहे का. साहेबांना तर हेच पाहिजे होतं. ते नुसतं नाही म्हणाले नाहीत, आवारात कोणाचंही वास्तव्य नाही असं कागदावर लिहून, सही करून त्याच्या हातात दिलं. आम्हाला दोन वर्षांत एक ओळ लिहून मिळाली नव्हती, ती अशी दोन मिनिटांत मिळाली.

इन्स्पेक्टर कागद खिशात घालून निघाला, पण त्याचं मन मानेना. जाता जाता तो गवत कापणाऱ्या आईपाशी आला. आईला त्याने कचेरीत भावाला काखेत घेतलेलं पाहिलं होतं, आता पदर डोळ्यांपर्यंत ओढलेला. ओळखलं की नाही ते कळलं नाही. त्याने सायकल थांबवली, अर्जावरचं नाव वाचलं, आईचं खरं, पूर्ण नाव, आणि विचारलं, 'या बाई इथे राहतात का हो?'

आईने मान वर केली नाही. 'नाय बा,' म्हणाली. 'अशी कोणी बाई हितं राहत नाय.'

कार्ड मिळालं, पण आणखी तीन वर्षांनी, नाशिकरोडला भाड्याची खोली घेतल्यावर. तोपर्यंत आम्ही त्याच प्रतीक्षागृहात राहिलो आणि आई मस्टरवर त्या दुसऱ्याच बाईच्या नावापुढे अंगठा उठवत राहिली. सही येत होती तिला, पण सही करायची ती कोणाची?

त्या दिवशी साहेबांची मोटार गेली, सायकलही गेली, आणि आई गवत कापतच होती. वडील धावपट्टीच्या कडेने तिच्याकडे गेले. 'झालं आता. चल,' म्हणाले. ती पुढे सरकली. 'अगं, ऐकलं का?' ती आणखी पुढे सरकली. त्यांनी माझ्या नावाने हाक मारून पाहिली, तरी ती वळली नाही. मग वडिलांनी तिला नावाने हाक मारली. तिच्या स्वतःच्या नावाने, मोठ्याने. उघड्या माळावर ते मला बंबखोलीत ऐकू आलं.

आई थांबली. उठून उभी राहिली आणि त्यांच्याकडे बघितलं.

'हे मघाशी घ्यायचं व्हतं,' ती म्हणाली, आणि पुन्हा गवतात बसली.